हरकत असल्यास सात दिवसांत कळवावे

ही गोष्ट पहिल्या अक्षरापासून शेवटच्या टिंबापर्यंत खरी आहे. कुणाच्याही डोक्यावर हात ठेवून सांगायला मी तयार आहे. (स्वतःच्या ठेवणार नाही, तिथे आधीच केस कमी आहेत.) एवढंच की मी जिथे नऊ खेळ म्हणेन तिथे ते अकराही असू शकतील, आणि मावशी दारात पाच मिनिटं रडली असं म्हणेन तेव्हा ती दोनच मिनिटं रडलेली असेल. शिवाय यातलं एक बोलणं, एकच, माझ्या पदरचं आहे. ते कुठलं हे शेवटी सांगेन. बाकी सगळं अगदी खरं.

तर असे एक गृहस्थ आहेत. माझ्या चांगल्याच परिचयाचे. एका मोठ्या कचेरीच्या तळघरात रेकॉर्ड रूम असते, म्हणजे जिथे जुन्या फायली मरायला येतात, त्या खोलीचे ते गेली अठ्ठावीस वर्षं सर्वेसर्वा. कोणती फाइल पाच वर्षांनी फाडायची, कोणती तीस वर्षांनी आणि कोणती जगबुडी आली तरी कोरडी ठेवायची, हे त्यांना तोंडपाठ. कचेरीत त्यांना 'चाळणीसाहेब' म्हणतात. त्यातला 'साहेब' त्यांना आवडतो, 'चाळणी' ऐकूच आली नाही असं ते दाखवतात. अठ्ठावीस वर्षांत त्यांच्या हातून नको तो कागद राहिला नाही आणि हवा तो गेला नाही, अशी त्यांची ख्याती आहे. (ही ख्याती मुख्यतः त्यांनीच पसरवलेली आहे. पण ख्याती ती ख्याती.)

एका सोमवारी मोठ्या साहेबांनी त्यांना वर बोलावलं आणि सांगितलं की नव्याने लागलेल्या कारकुनांना दाखवायला एक व्हिडिओ हवा. विषय, 'निरुपयोगी कागदपत्रं नष्ट कशी करावीत'. पुढच्या सोमवारी सकाळी दहाला दाखवायचा. कॅमेरा कचेरीकडे नव्हता. घरी काहीतरी असेलच की, साहेब म्हणाले.

घरी टॅबलेट होता. मंगळवारी संध्याकाळी चाळणीसाहेबांनी जेवणाच्या टेबलावर तो पाण्याच्या जगाला टेकवून उभा केला, कडक इस्त्रीचा शर्ट घातला (खाली घरातलीच पट्ट्यापट्ट्यांची अर्धी चड्डी, ती चित्रात येणार नव्हती), घसा खाकरला आणि सुरुवात केली. चौथ्या मिनिटाला ते रंगात आले. "मित्रहो, जागा ही मिळत नसते, ती करावी लागते," असं ते म्हणतात न म्हणतात तोच टॅबलेटच्या तोंडावर एक चौकट उमटली. जागा शिल्लक नाही.

संताप काय असतो हे त्या क्षणी त्यांना कळलं. ज्या माणसाने बावीस कपाटांत चाळीस कपाटांचा माल बसवून दाखवला, त्याला शाळेतल्या पाटीएवढं एक यंत्र तोंडावर सांगतं, जागा नाही. जेवणाच्या टेबलावर. त्याच्याच घरात.

त्यांनी चष्मा चढवला आणि आत कोण कोण घुसून बसलंय ते पाहिलं. नऊ खेळ निघाले. एकात शेती करायची होती. एकात रंगीत गोळ्या फोडायच्या होत्या. एकात मांजरीला कपडे घालायचे होते. (मांजरीला. ज्या प्राण्याला स्वतःला कपड्यांची गरज कधी वाटली नाही, त्याला.) शिवाय हे खेळ गप्प बसणारे नव्हते. चाळणीसाहेब यादी करत असताना वरून पट्टी आली, 'तुमची पिकं वाळत आहेत.' मागोमाग दुसरी आली, 'ससा तुमची वाट पाहून झोपून गेला.' बावन्न वर्षांच्या, वेळेवर कर भरणाऱ्या माणसाला एक ससा बोल लावतो, हे सहन करण्यालाही मर्यादा आहे.

त्यांनी सगळ्या घराला बोलावून जाब विचारला. घर म्हणजे तिघी. बायको औषधांच्या दुकानात काम करते. डॉक्टरांचं अक्षर वाचून वाचून तिला माणसाच्या मनातलं न लिहिलेलंही वाचता येतं. लेक कॉलेजात आहे, म्हणजे निदान सकाळी तिकडे जायला निघते. आणि सासूबाई. त्या टेलिफोन एक्स्चेंजमध्ये तीस वर्षं ऑपरेटर होत्या. अख्ख्या गावाच्या तारा त्यांनी एकमेकांना जोडल्या, आणि स्वतःच्या सख्ख्या धाकट्या बहिणीशी मात्र अकरा वर्षं एक शब्द बोललेल्या नव्हत्या. त्या भांडणाचं कारण पुढे येईलच. घरात त्याचा उल्लेख करायची बंदी होती.

तर चौकशीत असं निष्पन्न झालं की त्या घरात खेळ कुणीच खेळत नाही. भिंतीला बुरशी येते तसे ते नऊ खेळ आपोआप उगवले होते. बायको म्हणाली, मला दुकानातून आल्यावर पाठ टेकायला वेळ नाही. लेक म्हणाली, बाबा, मी काय लहान आहे का. सासूबाई तर खेळ या शब्दानेच दुखावल्या. असले रिकामटेकड्यांचे उद्योग आपण जन्मात केले नाहीत, असं त्यांनी जाहीर केलं. आपण टॅबलेट घेतो तो फक्त सकाळी साडेसहाला, गॅलरीत, हवामान बघायला.

हे मात्र खरं होतं. रोज सकाळी त्या गॅलरीत बसून हवामान बघत. तीन वर्षं. आज पाऊस आहे की ऊन, हे त्यांनी घरातल्या कुणाला एकदाही सांगितलं नव्हतं, पण तिकडे कुणाचं लक्ष गेलं नाही.

दुसरा कुणी असता तर त्याने अंगठा दाबून नऊच्या नऊ खेळ तिथल्या तिथे उडवले असते. पण चाळणीसाहेब हे चाळणीसाहेब होते. रीतसर नोटिशीशिवाय त्यांनी आजवर रद्दीचा कपटाही फाडला नव्हता. बुधवारी सकाळी फ्रिजच्या दारावर एक कागद लागला. त्यावर जावक क्रमांक होता. नऊ खेळांचा तक्ता होता: खेळाचे वर्णन, व्यापलेली जागा, मालकाचे नाव, शेरा. मालकाच्या रकान्यात नऊही ठिकाणी 'अज्ञात' असं होतं. खाली ठळक अक्षरांत लिहिलं होतं: 'वरील खेळ निरुपयोगी ठरवून नष्ट करण्यात येत आहेत. हरकत असल्यास सात दिवसांत लेखी कळवावे. हरकत न आल्यास संमती गृहीत धरली जाईल.'

बायकोने फ्रिजमधून दूध काढता काढता तो वाचला आणि विचारलं, "माझ्यासाठीपण अशी नोटीस काढणार आहात का कधी?"

"घरात शिस्त नको का?" चाळणीसाहेब म्हणाले.

"तेवढी आमची मुदत सात दिवसांपेक्षा जास्त ठेवा," ती म्हणाली आणि दूध तापवायला गेली.

तरी संध्याकाळपर्यंत पहिली हरकत आली. बायकोचीच. दुकान चालवायचा जो खेळ आहे तो ठेवावा. (दिवसभर काउंटरमागे उभी राहणारी बाई घरी येऊन पुन्हा काउंटरमागेच उभी राहते, आणि वर म्हणते की इथली गिऱ्हाइकं उधारीवर खोकल्याचं औषध मागत नाहीत.) पाठोपाठ लेकीची हरकत आली, मांजरीबद्दल. चाळणीसाहेबांनी दोन्ही अर्ज दाखल करून घेतले. तिसऱ्या एका खेळापुढे त्यांनी स्वतःच शेरा मारला, 'कार्यालयीन उपयोग'. त्या खेळात भला मोठा ट्रक अरुंद गल्लीत मागे घ्यायचा असतो. रेकॉर्ड रूमच्या कामाशी त्याचा संबंध काय, असं लेकीने विचारलं, तर ते म्हणाले, एकाग्रता. नऊ खेळांत सगळ्यात जास्त जागा हाच खात होता, हे तक्त्यात स्पष्ट दिसत होतं, पण तक्ता करणाऱ्याने तो रकाना जरा बारीक अक्षरात भरला होता.

उरले सहा. त्यांतला सर्वांत क्षुल्लक, इतका क्षुल्लक की त्याने जागा जवळपास अडवलीच नव्हती, तो होता ठिपक्यांचा. करड्या रंगाचा, चार ठिपक्यांचं चिन्ह असलेला. आपण लहानपणी वहीच्या मागच्या पानावर खेळायचो तोच: ठिपक्याला ठिपका जोडायचा, ज्याच्या रेघेने चौकट पूर्ण होईल त्याने तिच्यात आपलं अक्षर लिहायचं.

सहा खेळांची यादी वहीत उतरवून चाळणीसाहेब प्रत्येकीची सही घ्यायला निघाले. 'हरकत नाही.' बायकोने केली, लेकीने केली. सासूबाईंसमोर वही आली तेव्हा दोघी मायलेकी तिथेच उभ्या होत्या. सासूबाईंनी यादी वरून खाली वाचली, मग खालून वर वाचली. चौथ्या ओळीवर त्यांचं बोट थोडं जास्त थांबलं.

"किती दिवस म्हणालात, जावईबापू?"

"सात, आई. एक दिवसही कमी नाही. हा नियम आहे."

"सात," सासूबाई म्हणाल्या, आणि दगडासारखा चेहरा करून त्यांनी सही केली.

आता पुढचं जे सांगतोय ते चाळणीसाहेबांना तेव्हा ठाऊक नव्हतं. मला ठाऊक आहे, म्हणून सांगतो. तीन वर्षांपूर्वी सासूबाईंचा गुडघा दुखावला, चार महिने त्या घरात अडकल्या, तेव्हा त्यांनी टॅबलेटवर हा ठिपक्यांचा खेळ शोधून काढला. खेळाला जोडीदार हवा असतो. तारा जोडण्यात हयात गेलेल्या बाईने पलीकडची नेमकी तार कशी शोधली ते विचारू नका, पण शोधली. पलीकडे धाकटी बहीण होती. या खेळात बोलता येत नाही, लिहिता येत नाही, फक्त रेघ मारता येते. दोघींना तेच हवं होतं. अबोला मोडला असं कुणाच्या बापाला म्हणता येणार नाही, आणि रोज सकाळी साडेसहाला एक रेघ जायची, संध्याकाळपर्यंत एक रेघ यायची. एवढंच. ताई जिवंत आहे. धाकटी जिवंत आहे. तीन वर्षं.

फक्त डाव सुरू करताना एक ओळ लिहायची सोय होती, डावाची अट म्हणून. धाकटीने लिहिलं होतं: 'हरेल तिने काच फोडली.'

ही काच साठ वर्षांपूर्वीची. त्यांच्या वडिलांच्या पुस्तकांच्या कपाटाची. ती फुटली तेव्हा घरात दोघी बहिणी होत्या, एक दहा वर्षांची, एक सात. मोठीवर आळ आला. गावात सर्कस आली होती. धाकटी गेली, मोठी कोपऱ्यात उभी राहिली. धाकटी परत आली ती सायकल चालवणाऱ्या अस्वलाचं वर्णन करत, आणि पुढची कित्येक वर्षं, कुठल्याही निमित्ताने, ते अस्वल सायकलवरून उतरलं नाही. अकरा वर्षांपूर्वी चार पाहुण्यांत अस्वल पुन्हा निघालं. सासूबाई म्हणाल्या, काच तू फोडलीस. धाकटी म्हणाली, तूच. झालं.

आणि त्या डावात सासूबाई सात चौकटींनी पुढे होत्या. साठ वर्षांचा खटला, आपल्या वाटच्या पन्नास-साठ रेघा शिल्लक, आणि फ्रिजवर नोटीस. तोंड उघडावं तर सगळ्या घराला कळणार की आई बहिणीशी खेळते. त्यांनी हिशेब केला. सात दिवस. रोज एकीऐवजी आठ रेघा मारल्या तर डाव मुदतीत संपतो. त्या दिवसापासून सासूबाई सकाळी हवामान बघू लागल्या, दुपारी हवामान बघू लागल्या, भाजी निवडता निवडता हवामान बघू लागल्या. बायको म्हणालीही, आई, वादळबिदळ यायचंय का.

यायचंच होतं. शनिवारी संध्याकाळी मोठ्या साहेबांचा फोन आला, सोमवारचं लक्षात आहे ना. चाळणीसाहेबांनी बोटं मोजली आणि त्यांना घाम फुटला. नोटिशीची मुदत पुढच्या बुधवारी संपत होती. व्हिडिओ सोमवारी द्यायचा होता. अठ्ठावीस वर्षांत जे केलं नाही ते करायची वेळ आली. ते थोडा वेळ खिडकीशी उभे राहिले. मग त्यांना आठवलं की तशीही या सहा खेळांवर हरकत कुणाचीच आलेली नाही, सह्या तर झाल्यात. वहीत 'अपवादात्मक परिस्थिती' असं लिहून त्यांनी सहा खेळ काढून टाकले. नुसते काढले नाहीत. रेकॉर्ड रूमची रीत अशी की फाइल फाडली की मूळ नोंदही रद्द करायची, नाहीतर रिकाम्या नावाचं भूत फिरत राहतं. म्हणून त्यांनी प्रत्येक खेळाच्या आत शिरून तिथलं खातंही कायमचं बंद केलं. खेळ विचारत होता, नक्की? ते म्हणत होते, नक्की.

रविवारी सकाळी सासूबाईंनी टॅबलेट नेला, गॅलरीत बसल्या, आणि दोन मिनिटांत परत आणून टेबलावर ठेवला. कपबशी आपटतात तसा. चाळणीसाहेबांनी हसून विचारलं, काय म्हणतंय हवामान? सासूबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. कानातलं यंत्र काढलं, पदराच्या टोकात बांधलं, आणि गॅलरीत जाऊन भिंतीकडे तोंड करून बसल्या. ऑपरेटर बाईंनी लाइन काढून टाकली होती.

"काय झालं यांना?" त्यांनी बायकोला विचारलं.

"तुम्ही काय केलंत?" बायको म्हणाली.

"मी काहीच केलं नाही."

"मग तेच झालं असेल."

दुपारी तीनला पुन्हा शर्ट, पुन्हा जग, पुन्हा टॅबलेट. खाली चड्डी तीच. या वेळी चाळणीसाहेब बहरले. जागा रिकामी होती, वाणी मोकळी होती. बारा मिनिटं झाली, तेरा झाली. चौदाव्या मिनिटाला त्यांनी तर्जनी उभारली आणि म्हणाले, "मित्रहो, एक गोष्ट कोरून ठेवा. नोटिशीची मुदत सात दिवस म्हणजे सात दिवस. सहा नाही. साडेसहा नाही. जो सातव्या दिवसाआधी कागदाला हात लावतो तो रेकॉर्ड कीपर नव्हे, तो..."

दाराची घंटा वाजली. वाजतच राहिली.

बायकोने दार उघडलं. दारात सासूबाईंची धाकटी बहीण. हातात मोठी पिशवी, डोळे सुजलेले, केस प्रवासाने विस्कटलेले. हयात इस्पितळात नर्स म्हणून काढलेली ही बाई, कधी डोळ्यातून टिपूस न काढणारी, भाचीच्या गळ्यात पडली आणि (वर कबूल केल्याप्रमाणे) पाच मिनिटं रडली.

नर्सच्या हिशेबात चूक काढायला जागा नव्हती. तीन वर्षं रोज एक रेघ. मग एकदम बुधवारपासून दिवसाला आठ आठ. विझायच्या आधी ज्योत मोठी होते, हे तिने शेकडो उशांशी बसून पाहिलेलं. आणि शनिवारी संध्याकाळी खेळाने कळवलं, समोरचं खातं कायमचं बंद झालं आहे, डाव तुमचा. फोन करावा तर अकरा वर्षांपूर्वी रागाच्या भरात तिने या घराचे सगळे नंबर पुसून टाकले होते, आणि एकही तिला पाठ नव्हता. तिने रविवारची पहिली बस धरली. सहा तास ती खिडकीशी बसून तोंडाने पुटपुटत होती, आणि दारात पोहोचल्यावर तिने ते मोकळं केलं.

"ताई गेली, आणि मी सांगितलं नाही तिला," ती म्हणाली. "काच मी फोडली होती गं. छत्रीच्या टोकाने. मी फोडली होती."

 चाळणीसाहेब उठून उभे राहिले, पट्ट्यापट्ट्यांसह.

आणि गॅलरीतून सासूबाई आत आल्या. कानात यंत्र नव्हतं, त्यामुळे घंटा त्यांना ऐकू आली नव्हती, रडणं ऐकू आलं नव्हतं, आणि साठ वर्षं ज्या एका वाक्याची वाट पाहिली तेही ऐकू आलं नव्हतं. त्या फक्त पाणी प्यायला आल्या होत्या.

धाकटी बघतच राहिली. मग पुढे होऊन तिने ताईचं मनगट धरलं, भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहत नाडी मोजली. पूर्ण एक मिनिट. मग मनगट सोडलं आणि अकरा वर्षांतलं पहिलं वाक्य बोलली.

"जिवंत आहेस तर रेघ का नाही मारलीस?"

सासूबाईंनी सावकाश पदराची गाठ सोडली, यंत्र कानात बसवलं. "काय म्हणालीस?"

तिथून सगळं बाहेर पडलं. ठिपके, तीन वर्षं, आठ रेघा, सात चौकटींची आघाडी. बायको मटकन खुर्चीवर बसली. लेक म्हणाली, आजी, तू भारी आहेस. आणि जेव्हा सासूबाईंना कळलं की जावयाने खातं बंद केल्याने डाव धाकटीच्या नावावर लागला, म्हणजे अटीप्रमाणे काच त्यांनी फोडली असं साठ वर्षांनी कायम झालं, तेव्हा त्या ज्या नजरेने चाळणीसाहेबांकडे वळल्या, तिने बावीस कपाटांना आग लागली असती.

"पण आई, मावशीने आत्ताच कबूल केलं," बायको घाईने म्हणाली. "दारात. काच तिने फोडली म्हणून."

"मी?" धाकटी म्हणाली. तिने डोळे पुसले होते. "मी कशाला असं म्हणेन? सहा तासांच्या प्रवासाने माणूस काहीही बरळतो. आणि डाव मी जिंकलेय."

"आम्ही तिघांनी ऐकलंय, मावशी."

"घरच्यांची साक्ष धरत नाहीत."

तेवढ्यात लेक टेबलाकडे बोट दाखवून हसायला लागली. पाण्याच्या जगाला टेकून टॅबलेट शांतपणे उभा होता, आणि त्याच्या कोपऱ्यात तांबडा ठिपका अजून लुकलुकत होता. चाळणीसाहेब तो बंद करायला विसरले होते.

सासूबाईंनी ती कबुली तीन वेळा ऐकली. तिसऱ्या वेळी यंत्राचा आवाज पूर्ण वाढवून. मग पुढचंही पुराव्यात असू दे म्हणत लेकीने त्याच व्हिडिओला जोडून रेकॉर्डिंग पुन्हा सुरू केलं. धाकटी खिडकीबाहेर बघत होती.

"छत्रीच्या टोकाने," सासूबाई म्हणाल्या.

"हं."

"आणि सर्कशीला तू गेलीस."

"हं."

 मग सासूबाईंनी विचारलं, "ते अस्वल खरंच सायकल चालवायचं का गं?"

धाकटीने मान हलवली. "नाही गं, ताई. अस्वल आजारी होतं. त्या दिवशी आलंच नाही. सगळा वेळ एक माणूस ताटल्या फिरवत होता. मला मेलं करमलं नाही तुझ्याशिवाय."

इथे खरं म्हणजे कुणीतरी डोळे पुसून पडदा टाकायला हवा होता. पण दोन बहिणी अकरा वर्षांनी एक झाल्या की त्यांना एका सामायिक शत्रूची गरज लागते, आणि तो चड्डीवर समोरच उभा होता. सात दिवस म्हणालात ना, सासूबाई म्हणाल्या. सही घेतलीत ना. मी मेले असं वाटलं तिला, तुमच्यापायी. धाकटी म्हणाली, सहा तास, खिडकीची काचसुद्धा लागत नव्हती त्या बसची. बायकोने वही उघडून 'अपवादात्मक परिस्थिती' मोठ्याने वाचून दाखवलं. लेकीने तक्ता आणून दाखवला की सगळ्यात जास्त जागा ट्रक खातोय आणि ठिपके तर जागा खातच नव्हते. चौघी एकदम बोलत होत्या.

तेव्हा चाळणीसाहेबांनी हात वर केला. सगळ्या गप्प झाल्या. "आई," ते संथ, गंभीर आवाजात म्हणाले, "चूक माझी आहे, मान्य. पण एक विचारतो. तुमचा डाव तुमच्या मनासारखा संपला असता तर पुढे काय झालं असतं? मावशी आणखी अकरा वर्षं बोलली नसती. ज्या बाईने अख्ख्या गावाच्या तारा जोडल्या, तिची स्वतःची तार कुणी जोडली? मी. नियम मोडून जोडली. त्याबद्दल माझे आभार मानायचे की नाही, ते तुम्ही ठरवा." घरात टाचणी पडली तरी ऐकू आली असती. सासूबाईंची मान खाली गेली. बायकोच्या डोळ्यांत, लग्नानंतर प्रथमच, कौतुक चमकलं.

आता उरलेलं थोडक्यात. ती कबुली सासूबाईंनी 'कायम जतन' वर्गात टाकली. टॅबलेटवरून ती कुणी काढायची नाही, हलवायची नाही, छोटी करायची नाही. रोज सकाळी साडेसहाला गॅलरीत आता तीच लागते. अर्थात टॅबलेट पुन्हा भरला, आणि ट्रकला जावं लागलं. (हरकत घ्यायला मुदत मिळाली नाही.) मावशी दहा दिवस राहिली. दोघी बहिणी रोज जेवणाच्या टेबलावर चाळणीसाहेबांच्या नोटिशीच्या मागच्या कोऱ्या बाजूवर ठिपके काढून खेळल्या आणि रोज भांडल्या, तोंडाने.

व्हिडिओ सोमवारी दहाला द्यायचाच होता. नेमका भाग कापायचा कसा हे चाळणीसाहेबांना ठाऊक नव्हतं आणि लेकीला विचारायची त्यांची टाप नव्हती. तो आहे तसा गेला. चौदा मिनिटं व्याख्यान आणि सव्वीस मिनिटं शोभा. मोठे साहेब म्हणाले, कारकुनांना मुदतीचं महत्त्व इतकं स्वच्छ आजवर कुणी पटवलं नव्हतं. तेव्हापासून प्रत्येक नव्या तुकडीला तो पहिल्या दिवशी दाखवतात, आणि पोरं जिन्यात भेटली की विचारतात, सर, अस्वल कसं आहे?

आणि इथेच माझी पंचाईत झाली आहे. तो व्हिडिओ आता शे-दीडशे लोकांनी पाहिला आहे, त्यांतला एखादा हेही वाचेल आणि म्हणेल, सगळं जुळतंय, पण ते तार जोडण्याचं भाषण कुठे आहे? त्यात तर तो माणूस नुसता "बरं" म्हणतो आणि चित्रातून बाहेर जातो.

तर तेच ते माझ्या पदरचं. अगदीच पदरचं नाही, ते भाषण झालं. पण तिथे नाही. बाथरूममध्ये, कडी लावून, नळ पूर्ण सोडून, आरशासमोर झालं. टाचणी पडली असती तर ऐकू आली नसती, आणि कौतुकाने कुणी पाहिलं नाही.

हे मला कसं कळलं, असं विचारू नका. आमचं बाथरूम इतकं लहान आहे की त्यात दुसरा माणूस मावतच नाही.